चार चुली आणि सातवा निखारा

मी, ताविरे कोहेल, वय चव्वेचाळीस, केरुमच्या अग्निविद्याशाळेतील अध्यापिका, हे मृत्युपत्र शाळेच्या स्वयंपाकघरात बसून लिहीत आहे. प्रकृती ठणठणीत आहे, बुद्धी जागेवर आहे. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. कोणी थोडे आणले असते तर हे अकरा वर्षांपूर्वीच लिहून झाले असते. माझी यापूर्वीची सर्व मृत्युपत्रे रद्द समजावीत.

परवा मी बर्फ वितळवायला खिंडीवर जाणार आहे. सातवा निखारा माझ्याकडे असल्याने ते काम माझे. निखारा ज्याच्या नावे लिहिला असेल त्याच्याच हाती तो जिवंत राहतो. नाव न लिहिता मी मेले तर तो विझेल, खिंड हिवाळाभर बंद राहील आणि केरुमला धान्य येणार नाही. माझ्या आधीच्या हेलुनबाई खिंडीवरून परत आल्या नाहीत. बर्फ वितळवायला थेट कड्याखाली उभे राहावे लागते, आणि कडा कधी सुटेल ते सांगता येत नाही.

१. तटावरच्या माझ्या दोन खोल्या शाळेच्या स्वयंपाकीण ओदेमावशी यांना द्याव्यात. खिडकी पूर्वेची आहे. त्यांनी आयुष्यभर धूर पाहिला, आता थोडे ऊन पाहावे.

२. माझ्या बावीस रोजनिशा शाळेच्या ग्रंथालयाला. त्यांत आमच्या शाळेचे आचार्य बेरूश यांच्याविषयी बरेच कडू लिहिले आहे. काही ठिकाणी माझ्याकडून अन्याय झाला असेल. त्यांनी समासात उत्तरे लिहावीत. समास मी रुंद सोडते.

३. भिंग आचार्य बेरूश यांना. परीक्षेत तळहात पाहायला मी ते वापरत असे. माझ्या फारसे उपयोगी पडले नाही.

४. सातवा निखारा ________ हिच्या नावे. ही जागा आत्ता मोकळी ठेवते आहे. का, ते लिहिणे भाग आहे.

परीक्षेच्या दिवशी शाळेतला प्रत्येक विस्तव विझवतात, म्हणजे कोणाला लबाडी करता येऊ नये. विद्यार्थी अंगणात हात पुढे करून उभा राहतो आणि परीक्षक तळहात पाहतो. अकरा वर्षांपूर्वी इम्ना नावाची मुलगी तशी उभी राहिली. तळहात गारच राहिला. मी नोंदवहीत 'थंड' असे लिहिले आणि ती शाळा सोडून गेली.

तिचा तळहात मी पाहत होते तेव्हाच ओदेमावशी धावत आल्या होत्या. "बाई, आधी खाली चला. माझ्या चारही चुली पेटल्यात."

"आज चुली पेटवायच्या नसतात, एवढं कळत नाही का मावशी?"

"मी कुठं पेटवल्या? मी कांदे सोलत होते."

मी त्यांची वसंतोत्सवाची सुट्टी कापली.

या वसंतात जुनी रोजनिशी चाळताना ते पान निघाले. 'इम्ना थंड' आणि 'चुली पेटल्या, मावशींची सुट्टी कापली' या दोन्ही नोंदी एकाखाली एक, माझ्याच अक्षरात. मला तेव्हा उमगले नाही, की उमगून घ्यायचे नव्हते? पुष्कळ विचार केला. खात्रीने सांगता येत नाही.

इम्ना खालच्या गावात मडकी भाजते. मी गेले तेव्हा ती भट्टीकडे पाठ करून दूर सावलीत बसली होती, आणि भट्टी एकसारखी धगधगत होती. मी सगळे सांगितले.

"पान उलटायला अकरा वर्षं लागली बाई तुम्हाला?" ती म्हणाली. मग मला बसायला पाट दिला. "माझ्यासारख्या आणखी किती जणी घरी पाठवल्या?"

मी वहीत मोजले. एकतीस.

५. म्हणून माझ्यामागे शाळेने त्या एकतीस जणांना शोधून पुन्हा बोलवावे. यापुढे दर परीक्षेला एक परीक्षक स्वयंपाकघरात बसावा. ही अट इम्नाची आहे. मला सुचायला हवी होती.

६. आचार्यांचा भाचा रुदेक याचे नाव मी आधीच्या मृत्युपत्रात लिहिले होते. रुदेक, तुझ्यावर राग नाही. तुझी ज्योत शाळेत सर्वांत देखणी आहे, पण ती वीतभराच्या पुढे जात नाही. माझीही जात नाही. म्हणूनच आपल्याला कड्याखाली जावे लागते.

शाळेच्या नियमाप्रमाणे परीक्षेत उतरल्याशिवाय निखारा नावे होत नाही. आज इम्ना पुन्हा अंगणात उभी आहे. तिने यशस्वी व्हावे असे मला फार वाटते, म्हणून माझ्या डोळ्यांवर माझा भरवसा नाही. चुलींपुढे मी आचार्य बेरूश यांनाच बसवले आहे. ते कांद्याच्या पोत्यावर बसलेत.

"चारही चुलींत हात घालून पाहिला. गार आहेत," ते म्हणाले.

"हात घातलात ते बरं झालं आचार्य," ओदेमावशी म्हणाल्या. "इतक्या वर्षांत पहिल्यांदाच घातलात."

खिडकीतून रुदेकचा आवाज आला, "मामा, तळहात थंडच आहे."

आचार्य पोत्यावरून उठून दोन पावले मागे सरले होते.

७. वरील कलम चारमधील मोकळ्या जागी 'इम्ना' हे नाव मी आत्ता माझ्या हाताने भरले आहे. परवा ती माझ्याबरोबर येईल, पण कड्याखाली कोणीच जाणार नाही. ती खालच्या वळणावर, खिंडीकडे पाठ करून बसेल. हे मृत्युपत्र लवकर उघडावे लागेल असे आता मला वाटत नाही.

ताविरे कोहेल (सही)

साक्षीदार पहिला: आचार्य बेरूश. सहीखाली त्यांच्या हस्ताक्षरात: 'चौथ्या चुलीतले लाकूड ओले होते. तरी पेटले.'

साक्षीदार दुसरी: ओदेमावशी. लिहिता येत नसल्याने अंगठा. शाई नको म्हणाल्या, ताजी काजळी लावली.

स्थळ: स्वयंपाकघर, अग्निविद्याशाळा, केरुम
दिनांक: हिमारंभाचा तिसरा दिवस, शाळेचे वर्ष तीनशे बारा