शहाणी जनावरं

२ मार्च
आलो एकदाचे! घर ऐसपैस, दवाखाना पाच मिनिटांवर. तीन खोल्या, स्टीलचं टेबल, मागे पिंजरे. मदतनीस तात्या तीस वर्षं जनावरं धरतायत. म्हणाले, डॉक्टरीणबाई, इथली कुत्री डांबरट, बोटं सांभाळा. ह्यांनी सामान लावलं. आमची सहा वर्षांची चिमणी सगळ्या खोल्यांतून उधळली होती.

८ मार्च
माझ्या हाताला गुण आहे म्हणे! तिघांना चावलेला अल्सेशियन आज गपगार पडून राहिला. सुई टोचली तरी हूं की चूं नाही. मालक खूश. घरी चिमणीही शहाण्यासारखी वागतेय; हट्ट नाही, धिंगाणा नाही. सासूबाई फोनवर म्हणाल्या, नवी जागा मानवली पोरीला.

१३ मार्च
चुकलं माझं. ही जनावरं शांत नाहीत, थिजलेली आहेत. कान मागे, बाहुल्या विस्फारलेल्या, अंग लाकडासारखं. मांजरीचे ठोके मोजले, अडीचशेच्या वर. पळता येत नाही, लढता येत नाही, तेव्हा जनावर असं करतं. तात्यांना मात्र ती बिनधास्त ओरबाडतात. म्हणजे ती भितात ती मलाच.

१६ मार्च
साबण बदलला, कोट बदलला. उपयोग शून्य. दोन दिवस दवाखान्यातच राहिले, तर कुत्री पुन्हा भुंकायला लागली. घरी जाऊन आले – सगळी चिडीचूप. तात्या म्हणाले, बाई, घरून काहीतरी अंगाला लागून येतंय.

१७ मार्च
ह्यांचा शर्ट नेला. कुत्र्याने हुंगून सोडला. चिमणीचा फ्रॉक पुढे केला – भिंतीला चिकटलं, जागीच मुतलं.
माझी पोर? नाही. घाबरलेल्या जिवाच्या घामाला वास असतो, तो जनावराला कळतो. फ्रॉकला भीतीचा वास आहे. म्हणजे ती – दोन आठवडे – आणि आम्ही तिला शहाणी म्हणत होतो.

१८ मार्च, दुपार
निघायचं. आत्ताच. बॅग भरायला आले तर हे खुर्चीत. हाक मारली, ओ नाही. डोळे उघडे. नाडी धाडधाड.
चिमणी जमिनीवर. पापणी हलत नाही. शेजारी बसले, विचारलं, काय दिसतं गं तुला?
ओठ न हलवता म्हणाली, आई, हलू नकोस. हललं की त्याला कळतं.
वही हातातच होती. तात्या, ही तुम्हाला मिळाली तर आत येऊ –
चिमणी डोळ्यांनी खुणावतेय. पेन. पेन थां