रविवारी दीक्षा आहे, पण पांढरी साडी नको

आदरणीय सोजरआत्या,
थेरगावहून तुझ्या दीक्षाचा मनापासून जय भीम.

आत्या, मला झोप नाही. पहिलं तेच सांगते, म्हणजे अक्षर वाकडं दिसलं तर समजून घे. तुझे गुडघे कसे आहेत? तेल लावतेस का नुसती बाटली बघतेस? फोनवर तुला नीट ऐकू येत नाही, सगळ्याला हो हो म्हणतेस, म्हणून लिहिते. आम्ही बरे आहोत. म्हणजे प्रितम बरा आहे (चाकणला रात्रपाळी करतो न् दिवसा घोरतो), छोटी मैत्री बरी आहे (रात्रभर हातपाय मारते, मामावर गेली), आणि मी घाबरलेली आहे. रविवारी माझी बॉक्सिंगची मॅच आहे. बाळंतपणानंतरची पहिलीच.

समोरची पोरगी रावेतची, कॉलेजात जाते. तिचे हात लांब आहेत, त्याचं काही नाही. पण तिची झोप पूर्ण होते गं! त्याचीच भीती वाटते. वजनाचं तर विचारूच नको. तुझे डिंकाचे लाडू खाऊन काटा असा पुढं गेला की आमचे सर म्हणाले, "दीक्षा, तुझी आत्या समोरच्या पार्टीची आहे का?"

आता फ्लेक्सचं ऐक. मॅच भरवणाऱ्यांनी डांगे चौकात फ्लेक्स लावलाय. त्यावर आपला अजिंक्य पट्टा घालून उभा, एवढा मोठा की दातातली फट पण दिसते. (ती फट माझ्या ठोशानं पडली हे तुला ठाऊक आहे. पेपरवाल्यांना तो फायनलला पडली म्हणून सांगतो.) खाली 'चॅम्पियन अजिंक्य यांच्या प्रमुख उपस्थितीत', आणि त्याखाली उरल्या जागेत 'रविवारी दीक्षा'. पुढं 'विरुद्ध' आणि त्या पोरीचं नाव होतं, ते कुणाच्या तरी वाढदिवसाच्या फ्लेक्समागं गेलं. बॉक्सिंगचा ब पण दिसत नाही.

सकाळीच विहारातल्या शालनबाई दारात. "दीक्षा, रविवारी दीक्षा आहे म्हणे. पांढरी साडीच नेसायची ना?"

मी म्हटलं, "काकू, ती दीक्षा मीच."

"अगं, तुला कशाला परत दीक्षा? तू जन्मापासून आपलीच."

मग सगळं समजावून सांगितलं, तर म्हणतात, "म्हणजे अजिंक्यच्या बहिणीला मारणार होय? मग येतोच बघायला." आता सगळ्या बायका पांढऱ्या साड्यांतच येणार, कारण इस्त्र्या होऊन बसल्यात.

हसू नको. क्लासला तू आधी मला घातलंस. अजिंक्य माझी पाण्याची बाटली धरून मागं मागं यायचा. आता मी गावभर 'अजिंक्यची बहीण'. मैत्रीला डोस द्यायला नेलं, तर नर्सबाईंनी सुई बाजूला ठेवून आधी त्याचा फोटो मागितला. त्या फ्लेक्सच्या रागात मी त्याला फोन केला न् म्हटलं, "तू मॅचला येऊच नको. तू आलास की रेफरी पण तुझ्याकडंच बघत बसतो." तो "बरं दिदी" म्हणाला. भांडला असता तर बरं वाटलं असतं. नुसतं "बरं दिदी".

त्यात काल सरावाला गेले. मैत्री शालनबाईंच्या मांडीवर होती. ती रडली, मी मान वळवली, आणि नाकावर बसली. (नाक आहे जागेवर.) सर म्हणतात, रिंगमध्ये आई होऊ नको. आता ते काय ग्लोव्हज आहेत, काढून ठेवायला? रविवारी पण ती रडणार, मी वळणार. आणि प्रितमला रविवारी नेमका ओव्हरटाइम लागलाय.

बाकी सगळं ठीक. काळजी करू नको.

तुझीच (फ्लेक्सवर न मावलेली)
दीक्षा

ता.क. लाडू बंद करू नको. मॅच झाल्यावर खाईन.

आणखी एक ता.क. हे आत्याला जो कोणी वाचून दाखवत असेल त्याच्यासाठी. वर 'घाबरलेली आहे' लिहिलंय ते वाचू नका. वाचून झालं असेल तर 'दमलेली' म्हणायचं होतं म्हणून सांगा. आणि आत्याच्या फोनवरनं माझ्या भावाला फोन लावा. मी लावला तर रडेन, आणि मग तो अख्खा क्लब घेऊन येईल. त्याला सांगा, प्रमुख पाहुणा म्हणून येऊ नको, मामा म्हणून ये. मैत्री त्याच्याच खांद्यावर गप होते. स्टेजवर बसायचं नाही, मागं उभं राहून तिला धरायचं. हार घालून घ्यायचा नाही, ती झेंडू खाते. तो "बरं दिदी" म्हणेल, तेवढं ऐकूनच फोन ठेवा. पण लावा हो फोन.