पडद्यावरचा बाप्या

प्रिय पृथ्वीराज,

तू ओरडायला लागलास म्हणून मी फोन ठेवला. मला काय ओरडता येत न्हाय? पण मग सगळ्या गल्लीला ऐकू जातं. म्हणून लिहितेय. मधेच फेकून देऊ नकोस.

जुने सिनेमे हुडकणाऱ्या त्या पुण्याच्या पोरींनी आज्जीच्या सिनेमाचं रीळ साफ करून मोबाईलवर पाठवलंय. तू बघितलंसुद्धा न्हाईस म्हणे. मी बघितलं. आपली आज्जी, सोळा वर्षांची, म्हशीवर उलटी बसून रंकाळ्याकाठानं चाललीय, मागं फौजदार धावतोय, आणि ही शेपटीनं त्याला वारा घालतेय. हसून हसून माझ्या डोळ्यांत पाणी आलं रे. आपण तिला कधी मोठ्यानं हसतानाही बघितलं नव्हतं. असे दोनच मूकपट केले तिनं, मग लग्न झालं आणि सगळं बंद.

घरची बाई सिनेमात नाचली असं लोकांनी म्हणू नये म्हणून आजोबांनी तोड काढली होती. त्या काळी सिनेमात बायकांची कामं बाप्येही करायचे, मग हाही लुगडं नेसलेला बाप्याच, असं त्यांनी गावभर सांगितलं. वर सिनेमा लागला की आज्जीलाच नेऊन थेटरात बायकांच्यात बसवलं. ती पडद्यावर आली की शेजारणींना तिनंच म्हणायचं, "अगं बाप्या हाय त्यो, खांदं बघ की." आणि ती म्हणायची.

येत्या रविवारी इथं कोल्हापुरात तो सिनेमा दाखवणार आहेत, सुरुवातीला पडद्यावर नावं येणार आहेत. तू त्या पोरींना परस्पर सांगून मोकळा झालास, की ती आमच्यातली बाई न्हवं, कुणी गणपतराव होता. तेजस्वीचं मोठ्या घरात ठरलंय, सोयरे बिथरतील, ही तुझी धास्ती मला कळते. मी तिची आत्या आहे, माझ्याही जिवाला घोर लागलाय. मी तोंड उघडलं तर भाऊबीजेला येणार न्हाईस, तेही ऐकलं.

पण आज्जीचे शेवटचे दिवस आठव. तिला माणसं ओळखू येत नव्हती. एका दुपारी तुझा हात धरून तिनं विचारलं, "पोरा, म्हशीवरचा त्यो बाप्याच हुता न्हवं?" तिची तिलाच खात्री राहिली नव्हती रे. मी पाणी घेऊन उंबऱ्यात उभी होते. तू म्हणालास, "व्हय आज्जी, बाप्याच." तिनं मान हलवली आणि भिंतीकडं तोंड करून पडली. तुला कदाचित आठवतही नसेल. मला तुझा राग आला होता आणि अजून आहे.

आज सकाळी मी पोरींना आज्जीचं खरं नाव दिलं. बायडाबाई, आपल्या आडनावासकट. आता ते बदलणार न्हाय. शेजारचा कृष्णात उद्या तुमच्या गगनबावड्याला येतोय, त्याच्या हाती हे पत्र देते, कारण सोयऱ्यांना दुसऱ्या कुणाकडनं कळायच्या आत तू स्वतः जाऊन सांगायला हवंस. आणि सांगताना खाली बघू नकोस. आपल्या आज्जीनं माणसं हसवली, कुणाची चोरी केली न्हाय.

भाऊबीजेला वाट बघणारी,
तुझीच,
संयोगिताआक्का