थोरल्या सुनेचा आवाज

४ फेब्रुवारी
पोचले एकदाची! खोली टीचभर, पण खिडकीतून स्टुडिओचं फाटक दिसतं. रोजच्या मालिकेत थोरली सून म्हणजे चेष्टा आहे का! आईला फोनवर पडद्यांचा रंगसुद्धा सांगितला. तिला दिसत नाही, त्यामुळे लहानपणापासून मीच तिला सगळं बोलून दाखवते. ती म्हणाली, तुझी टकळी तिथले लोक कसे सहन करणार कोण जाणे. मालिकेतल्या सासूबाईंना चहाच्या टेबलावरही सगळे सासूबाईच म्हणतात. मी आज फार खूश आहे.

५ फेब्रुवारी
दिग्दर्शकांना, म्हणजे दादांना, माझा चेहरा पसंत आहे, आवाज नाही. सुनेला भारदस्त आवाज हवा, तो एक बाई नंतर भरणार. शिवाय संवाद ऐन वेळी लिहून येतात, पाठ कधी करायचे? दादा म्हणाले, नुसते आकडे म्हण, ओठ हलले की झालं. मी रागाने तेवीस म्हटलं, हुंदका देऊन एकतीस. सासूबाईंची हसून मुरकुंडी वळली. मनाला लागलं जरा, पण पहिलंच काम, नाक कुठे मुरडू?

१२ फेब्रुवारी
पहिला भाग लागला. तो जाड, गोड आवाज माझ्या तोंडात इतका चपखल बसला की मीच दचकले. आईने ऐकून फोन केला, किती छान रडलीस! मी म्हटलं, अगं, तो आवाज माझा नाही. तर म्हणते, पोटच्या पोरीचा आवाज मला कळत नाही होय?

२६ फेब्रुवारी
चहात साखर कमी घाला म्हणायला गेले, तोंडातून सत्तावन्न निघालं. सवय, दुसरं काय. चहावाल्याने चहा मात्र बरोबर कमी साखरेचा आणला.

३ मार्च
आवाज भरणाऱ्या बाईंना भेटायला गेले. ध्वनिमुद्रक म्हणाला, त्या पहिल्याच आठवड्यात सोडून गेल्या. आता भरावा लागत नाही, सेटवरूनच भरलेला येतो.
सेटवर मी आकडेच म्हणते.

९ मार्च
आता आकड्यांशिवाय काही निघत नाही. सासूबाईंना कागदावर लिहून विचारलं. त्या म्हणाल्या, वेडी की काय, सुरेख बोलतेस की. घाबरायला हवं हे कळतंय. भीती येत नाही—

१४ मार्च
आईला फोन. मला ने इथून, एवढंच म्हणायचं होतं. एक्क्याऐंशी, ब्याऐंशी— पलीकडे आई खुशीत. म्हणाली, बरं बाई, नाही येत, तू सुखात आहेस ना, झालं तर.
मामाला लिहून कळवलं. आईला घेऊन ये.

२१ मार्च
मामा तिला दारात सोडून गाडी लावायला गेला. मी तोंड घट्ट मिटलं, तिचा हात माझ्या गालावर ठेवला. ती चाचपडली. थांबली. म्हणाली, कोण हो तुम्ही? माझी पोर कुठाय?
जिन्यातून हाक आली. जाड, गोड. आई, मी इथे आहे.
माझे ओठ मिटलेलेच होते.
आई तोंडभर हसली. मी हात धरला— तिने सोडवून घेतला, परक्याचा सोडवावा तसा—
खिडकीतून दिसतेय. एकटीच चालतेय, पण हात कुणाच्या तरी खांद्यावर असल्यासारखा— बोलतेय— रडू यायला हवं, तेही— जीव खाऊन ओरडतेय मी, आई, आई, सत्त्याण्णव, अठ्ठ्याण्णव— ती वळूनसुद्धा—