चादरी वाळत घालणारी बाई

६ जानेवारी १९७४, रविवार

आज ती पुन्हा पडद्यावर दिसली. हा चौदावा चित्रपट. या वेळी वसतिगृहाची रखवालदारीण – अडीच मिनिटं, चार वाक्यं. दार उघडण्याआधी तिने हात ॲप्रनला पुसले. हात कोरडेच होते. ती नेहमी पुसते.

दिल्लीहून आमच्या फिल्म सोसायटीला येणाऱ्या फ्रेंच चित्रपटांवर खाली इंग्रजी मजकूर नसतो. म्हणून मी मशीनशेजारी दिवा लावून बसते आणि माइकवर मराठीत संवाद सांगत जाते. अकरा वर्षं झाली. नायिका, तिचा नवरा, पोलीस, सगळे माझ्याच आवाजात. तिची, ओदेत कार्वेलची, वाक्यं आली की मात्र आवाज जरा जपून लावते. हे बरोबर नाही. सांगणाऱ्याने पक्ष घेऊ नये.

मशीन धोंडबा चालवतो. ती दिसली की हळूच म्हणतो, "आपली बाई आली."

९ जानेवारी

ती नागपूरला येते आहे! दहा फेब्रुवारीला, सदर भागातल्या हॉलमध्ये. मोठ्या नटीने येण्याचं नाकारलं, म्हणून हिला पाठवताहेत. आमचे अध्यक्ष मार्तंडराव नाराज. "मोलकरणीची कामं करणारी बाई. हॉल भरायचा कसा, अरुंधतीबाई?"

मी म्हटलं, तिच्यावर टिपण लिहिते, आपल्या पत्रिकेत छापा.

"लिहा की. तुम्हाला काय, वेळच वेळ आहे."

वेळ आहे. वय चव्वेचाळीस, लग्न नाही, फ्रेंचच्या वर्गात सात मुली. हिशेब त्यांनी बरोबर मांडला.

१४ जानेवारी

संक्रांत. ताई तिळगुळाची परात पुढ्यात घेऊन बसली होती. मी कागद पसरून.

"काय लिहून राहिली?"

सांगितलं.

"फ्रान्सातल्या खोट्या मोलकरणीवर निबंध! आपली तुळसाबाई बारा वर्षं भांडी घासून राहिली. तिच्या पोरीचं नाव तरी माहीत आहे का तुले?"

नव्हतं. कागद उचलून आतल्या खोलीत गेले. गेले ते गेले, तिथे बसून लिहीतही राहिले.

२१ जानेवारी

टिपण झालं. नऊ पानं. तीस वर्षांत मिळालेल्या भूमिका: दाई, नर्स, दुकानदारीण, तीन आत्या, सहा मोलकरणी. शेवटची दोन पानं एकाच दृश्यावर. इस्पितळाच्या गच्चीवर एक परटीण चादरी वाळत घालते आहे. कुणी तरी तिचा मुलगा गेल्याचं सांगायला येतं. ती ऐकते, आणि हातातल्या चादरीचा कोपरा कोपऱ्याला नीट जुळवते. चाळीस सेकंदं. चित्रपटाच्या त्या प्रतीचा पहिला तुकडा फाटून गेला होता, त्यामुळे नटांची नावं दिसलीच नाहीत. मी तिला हातांवरून ओळखलं – गच्चीचं दार उघडण्याआधी तिने ते पुसले.

खाली माझं नाव लिहिलं. पूर्ण. मग बराच वेळ त्याकडे पाहत बसले. तिच्यासाठी लिहिलं की या नावासाठी? दोन्हीसाठी. नाव काही खोडलं नाही.

२ फेब्रुवारी

पत्रिका आली. टिपण आहे, नाव नाही. खाली फक्त 'संपादक मंडळ'.

मार्तंडरावांकडे गेले. "नावं कशाला? सोसायटीचं काम आहे. तुमच्यासारख्या बाईने असल्या गोष्टी मनाला लावून घेऊ नयेत."

'तुमच्यासारख्या' म्हणजे कशा, ते विचारायला हवं होतं. चहा पिऊन आले.

१० फेब्रुवारी, रविवार

जसं झालं तसंच लिहिते.

हॉल अर्धा भरला. ओदेत कार्वेल बुटकी आहे, साठीची. पडद्यावर उंच वाटते. तिच्या आणि मार्तंडरावांच्या मधे माझी खुर्ची, थोडी मागे. मी दुभाषी.

मार्तंडरावांनी भाषण वाचलं. माझं टिपण. पहिल्या वाक्यापासून माझं. फक्त जिथे मी 'असे दिसते' लिहिलं होतं, तिथे ते 'मला असे दिसले' म्हणत होते. मी एकेक वाक्य फ्रेंचमध्ये तिला सांगत गेले. त्यांचं 'मी' मी 'मी' असंच सांगितलं. माझेच शब्द, त्यांच्या नावाने, माझ्याच तोंडून.

परटिणीचा भाग आला, तेव्हा तिने मान वर केली. भाषण संपल्यावर बोलायला उभी राहिली. आभार मानले. मग म्हणाली: "पण त्या चित्रपटात मी नव्हते. त्या वर्षी मी लियाँला नाटकात होते. यांनी दुसऱ्याच कुणाला पाहिलं. त्यांचा दोष नाही. ॲप्रन घातला की आम्ही सगळ्या सारख्याच."

सगळे माझ्याकडे पाहत होते. 'धन्यवाद' एवढंच सांगितलं असतं तरी कुणाला कळलं नसतं. मी शब्दन् शब्द मराठीत सांगितलं. लोक हसले. मागून कुणी तरी म्हणालं, "वा अध्यक्ष, नजर भारी तेज दिसते तुमची." मार्तंडरावांचे कान लाल झाले.

मला आनंद झाला. खोटं कशाला लिहू? खूप आनंद झाला.

११ फेब्रुवारी

चूक माझी होती. हसू त्यांचं झालं.

१३ फेब्रुवारी

धोंडबा कॉलेजच्या फाटकाशी उभा होता. मुद्दाम आला होता.

"बाई, ते परटीण तेच होती. सात खेपा रीळ चढवलं म्या."

"अरे, ती स्वतः नाही म्हणते."

"म्हणू द्या न. म्या पाह्यलं तिले. तुमी काहून गप बसल्या?"

"तिच्या कामाबद्दल तिला जास्त कळतं की तुला?"

तो सायकल वळवून गेला. हे मी मार्तंडरावांच्या सुरात बोलले, हे घरी आल्यावर कळलं.

१७ फेब्रुवारी

सहा दिवस झोप नीट नाही. शब्दन् शब्द सांगितलं ते दुभाष्याचं कर्तव्य म्हणून, की सूड म्हणून? दोन्ही एकाच वाक्यात मावलं, हीच तर अडचण. नाव माझं असतं तर मी तसंच सांगितलं असतं का? माहीत नाही. माहीत नाही म्हणजे बहुधा नाही.

मार्तंडरावांना पत्र लिहिलं: टिपण माझं, ओळखण्यातली चूकही माझी, तसं छापावं.

ताई म्हणाली, "टिपण चोरलं तेव्हा तोंड उघडलं नाही, आणि आता चूक आपली म्हणून धावून राहिली. शहाणीच आहेस तू."

३ मार्च

छापलं. दुसऱ्या पानावर, चौकटीत. 'गतांकातील टिपणात कु. अरुंधती पांढरीपांडे यांच्या अनवधानाने गंभीर चूक झाली. अध्यक्ष दिलगीर आहेत.' टिपण कुणी लिहिलं, ते त्यातही नाही.

सोसायटीत माझं नाव अकरा वर्षांत पहिल्यांदा छापून आलं. ताईने चौकट दोनदा वाचली आणि एकदाही टोमणा मारला नाही. ते जास्त लागलं.

१० मार्च, रविवार

चित्रपट होता, गेले, सांगितला. ओदेत त्यात नव्हती. धोंडबा कामापुरतंच बोलला.

१९ मार्च

मार्तंडरावांच्या नावे फ्रेंच पत्र आलं आहे. मराठी करून द्या म्हणून त्यांनी शिपायाहाती पाठवलं. ओदेत कार्वेलचं. जाताना दिल्लीत तिने तो चित्रपट मागवून पाहिला. 'महोदय, ती मीच आहे. एका सकाळचं काम होतं, मी साफ विसरले होते. माझ्याकडे इतकं लक्ष देऊन आयुष्यात कुणी पाहिलं नाही. सर्वांसमोर तुम्हाला खोटं ठरवलं, त्याची क्षमा मागते.'

अनुवाद केला. पदरचं काही घातलं नाही.