तुझ्या वजनाचं पोतं

प्रिय भिंगरी,

फोनवर मी तुझं वजन विचारलं की तू फणकारतेस. आई, तुला दुसरं काही सुचतच नाही का, म्हणतेस आणि फोन ठेवून देतेस. ठेव बापडी. आज मात्र सांगूनच टाकते, म्हणजे माझाही जीव हलका होईल.

नोकरीसाठी निघालीस तेव्हा दारातून बजावलं होतंस, माझं खोगीर नीट ठेव, आल्या आल्या मी घोडीवर बसणार. मी पडले खोगीर शिवणारी बाई. मला एवढंच कळलं की ते तिच्या पाठीला बसतं राहिलं पाहिजे. पण घोडीची पाठ म्हणजे काही लाकडी पाट नव्हे. हिरवं खाल्लं की भरते, चारा कमी पडला की उतरते. आज बसलेलं खोगीर चार महिन्यांनी टोचायला लागतं. बरं, नुसतं पाठीवर ठेवून ते कळत नाही, वर वजन लागतं. मी बसले तर आपल्या घोडीबाईसाहेब जागच्या हलायच्या नाहीत! म्हणून मी पोत्यात वाळू भरली, फणकारत का होईना, तू फोनवर सांगशील तितक्या वजनाची. लहानपणी पाय मोडल्यापासून तू डावीकडे जरा कलून बसतेस ना, म्हणून पोतंही तसंच कललेलं बांधलं. मग लगाम धरून अंगणात फेऱ्या. नालबंदकाका कुंपणाशी उभे राहून विचारतात, आज लेकीला कुठे मिरवायला नेताय? हसोत मेले. मध्यंतरी तू बारीक झालीस तेव्हा थोडी वाळू काढावी लागली. हलकं झालेलं पोतं मी उगाच दोनदा उचलून बघितलं गं.

फेऱ्या झाल्या की खोगीर उतरवून पाठ बघायची. घाम सगळीकडे सारखा असला तर बसलं. मधेच कोरडा डाग दिसला तर तिथे ते रुतत होतं. मग शिवण उसवायची, आतली लोकर सारखी करायची, पुन्हा शिवायची. उगाच भरलेल्या पसाऱ्याला लोक खोगीरभरती म्हणतात. म्हणोत. माझे एकटीचे दिवस त्या भरतीनंच भरले. दर फोनला मी सांगायचे, खोगीर तयार आहे, कधी येतेस? तू म्हणायचीस, बघते.

गेल्या आठवड्यात घोडीच्या खांद्यामागे दोन्हीकडे कोरडे डाग दिसले. लोकर बदलली, तरी डाग तिथेच. पुन्हा पोटाखालचा पट्टा आवळायला गेले तर तिनं कान मागे टाकले. माझ्यावर! शेवटी जनावरांच्या डॉक्टरांना बोलावलं. त्यांनी पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाले, खोगिराचा काही दोष नाही, वयानं पाठ खचलीय. आता हिच्यावर कुणी बसायचं नाही. म्हणजे तूही नाही गं. काळजी करू नकोस, खाऊनपिऊन मजेत आहे.

मी वाळू अंगणात ओतली. रिकामं पोतं हातात राहिलं आणि मला भडभडून आलं. खोगीर तयार आहे, असं आता कुठल्या तोंडानं सांगू? तुला बोलवायला माझ्याकडे तेवढं एकच निमित्त होतं. आठवण येते असं सरळ म्हणायला माझी जीभ कधी रेटलीच नाही. म्हणून हे पत्र. मला तुझी फार आठवण येते गं. घोडीवर बसायला नको, नुसती ये. वजन कितीही असू दे.

तुझीच,
आई