अळणी रविवार

देवास, १४ ऑगस्ट १९८८

आई, आज श्रावणातला रविवार. सकाळी बारावीच्या मुलींचा जादा तास घेतला, जेवले, तेव्हापासून खोलीत बसून आहे. तासाला पेशीच्या पडद्यातलं एक प्रथिन शिकवलं. आतड्यात ते सोडियम आणि ग्लुकोजला जोडीनेच आत घेतं. पेशीच्या आत सोडियम कमी असतं, म्हणून ते आत ओढलं जातं आणि साखरेला बरोबर नेतं. पाणी त्यांच्या मागोमाग जातं. मागच्या बाकावरून एकीने विचारलं, "मॅडम, अन् नुसती शक्कर दिली तर?" मी म्हटलं, "फारशी आत जाणार नाही. आतड्यात पडून राहील आणि अंगातलंच पाणी आणखी बाहेर ओढेल." मुलींनी वहीत उतरवून घेतलं.

धारचा तो रविवारही श्रावणातलाच, दहा वर्षांपूर्वीचा. माझं लग्न ठरावं म्हणून तू रविवारी मीठ सोडलं होतंस. पहाटेपासून तुला जुलाब, बाबा दौऱ्यावर उदयनगरला. शेजारच्या कंपाउंडरने दारातूनच सांगितलं, "काकी, नमक-शक्कर दोनों घोल के पिओ, घूंट-घूंट." तू हसलीस. "नमक कल, भिया. आज सूरजनारायण का दिन है." मी नुकतीच बी.एस्सी. झाले होते, ते प्रथिन मला परीक्षेला आलं होतं. म्हटलं, "आई, चिमूटभर तरी." "चार बुकं शिकलीस, आता देवालाही शिकव," म्हणालीस आणि पेला पुढे केलास. मी साखरेचं पाणी भरलं.

दुपारी तुझे डोळे खोल गेलेले दिसतात, आवाज बसतो. तू परसात जाऊन येतेस, भिंत धरून. पुन्हा पेला मागतेस, मी देते. चौथ्या की पाचव्या पेल्याला विचारतेस, "मीठ नाही ना गं घातलंस?" "नाही," मी म्हणते. खरंच नव्हतं. दिवेलागणीला टांग्यातून दवाखान्यात नेलं तेव्हा नर्सला तुझी शीर सापडेना.

लोक म्हणाले, पोरीने शेवटपर्यंत आईचं व्रत राखलं. मी ऐकून घेतलं. रतलामच्या स्थळाचा होकार तेराव्याच्या आत आला. बाबांना मी नकार कळवायला सांगितलं. त्यांनी कारण विचारलं नाही.

व्रताचे दोनच रविवार उरले होते, आई. ते मोडू नये असं मलाही वाटत होतं.

हे कुणाला सांगितलेलं नाही. कागद पुस्तकात ठेवून देते. अंधारून आलंय. दिवा लावून एकटीपुरते तांदूळ निवडायला घेते.